लेबर सेसची नोटीस आली : आधी आकारणी, मग मुदत, मग दंड

ठाण्यात किंवा नवी मुंबईत इमारत उभी राहायची तर बांधकाम खर्चाचा १ टक्का कामगारांच्या कल्याणासाठी भरावा लागतो. कागदोपत्री हा ‘इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याण उपकर’. साइटवर आणि पालिकेत सगळे त्याला लेबर सेसच म्हणतात. १९९६ साली केंद्राने दोन कायदे केले. एक कामगारांच्या नोंदणीचा, सुरक्षेचा आणि सेवाशर्तींचा, दुसरा हा उपकर गोळा करण्याचा. २१ नोव्हेंबर २०२५ पासून हा दुसरा कायदा नव्या संहितेत विलीन झाला आहे. खाली आधी जुन्या कायद्याचा क्रम दिला आहे, बदललेल्या गोष्टी शेवटी. उपकराचा दर १ ते २ टक्क्यांच्या दरम्यान ठेवायची मुभा कायद्यात आहे, प्रत्यक्षात अधिसूचित झालेला दर १ टक्का. वसुलीची पद्धत १९९८ च्या नियमांत दिली आहे आणि बहुतेक भांडणे तिथूनच सुरू होतात.

पैसा जातो महाराष्ट्र इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडे. वय १८ ते ६० आणि मागच्या १२ महिन्यांत किमान ९० दिवस बांधकामावर काम, एवढे दाखवता आले की कामगाराची मंडळाकडे नोंदणी होते. मग मुलांची शिष्यवृत्ती, प्रसूती, आजारपण, मृत्यूनंतर कुटुंबाला मदत अशा योजना लागू होतात. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये दीवान चंद बिल्डर्सच्या खटल्यात सांगितले की हा उपकर म्हणजे कर नव्हे, विशिष्ट कामासाठी घेतलेले शुल्क आहे. त्यामुळे ‘सेसच बेकायदा’ हा मुद्दा आता कुणी घेऊन जाऊ नये. वाद उरतो तो किती, कशावर आणि कोणत्या पद्धतीने, एवढाच.

एका नोटिशीचे पोस्टमॉर्टेम

नौपाड्यातल्या एका जुन्या सोसायटीचा पुनर्विकास चालू आहे असे धरू. उदाहरण काल्पनिक आहे, आकडे हिशेब कळण्यापुरते. बांधकाम ४,००० चौरस मीटर. परवानगी घेताना रेडी रेकनरमधला (सरकारी दरपत्रकातला) बांधकामाचा दर चौरस मीटरला ३०,००० रुपये धरला, म्हणजे अंदाजित खर्च १२ कोटी. विकासकाने त्यावर १२ लाख रुपये सेस आगाऊ भरला. दोन वर्षांनी कामगार कार्यालयाकडून एक पानी नोटीस येते :

बांधकाम खर्च १८ कोटी. देय उपकर १८ लाख. भरलेला १२ लाख. बाकी ६ लाख. व्याज दरमहा २ टक्के, २० महिने, २ लाख ४० हजार. दंड ६ लाख. एकूण १४ लाख ४० हजार, सात दिवसांत भरावेत, अन्यथा महसुली थकबाकी म्हणून वसुली केली जाईल.

अशी नोटीस हातात आली की विकासकाचे हमखास दोन प्रकार होतात. एक जण घाबरून चेक फाडतो, दुसरा ती फायलीत सरकवून ठेवतो. दोन्ही चुकीचे. या एका पानात निदान चार गोष्टी उलट्यासुलट्या झाल्या आहेत, आणि त्यांतली प्रत्येक लेखी मांडता येते.

पहिली गोष्ट, १८ कोटी आले कुठून? नोटिशीत त्याचा उल्लेखच नाही. असे आकडे पुष्कळदा महारेराच्या, म्हणजे गृहप्रकल्पांची नोंदणी करणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावरून उचललेले असतात. तिथे सीएच्या प्रमाणपत्रात प्रकल्पाचा एकूण अंदाजित खर्च दिलेला असतो, पण त्या एकूणात जमिनीच्या शीर्षाखाली टीडीआर (विकत घेतलेला विकास हक्क), जादा एफएसआयचा (चटई क्षेत्राचा) प्रीमियम, जुन्या रहिवाशांना द्यायचे भाडे हे सगळे येते, आणि बांधकामाच्या शीर्षाखाली कर्जावरचे व्याजही येते. १९९८ च्या नियम ३ प्रमाणे बांधकाम खर्च म्हणजे बांधकामाच्या संबंधात मालकाने, म्हणजे इथे विकासकाने, केलेला सगळा खर्च. त्यातून वगळायच्या गोष्टी दोनच : जमिनीची किंमत, आणि कामगार नुकसानभरपाई कायद्याखाली कामगाराला किंवा त्याच्या वारसाला दिलेली भरपाई. जीएसटी, आर्किटेक्टची फी, कर्जाचे व्याज, रहिवाशांचे भाडे यांबद्दल नियमात अवाक्षर नाही. वादाला जागा इथेच मिळते.

आपल्या उदाहरणात १८ कोटींची फोड अशी धरा : टीडीआर आणि प्रीमियम ३ कोटी, भाडे १ कोटी, व्याज १ कोटी, प्रत्यक्ष बांधकाम १३ कोटी. विकासकाचे सगळे म्हणणे मान्य झाले तरी १३ कोटींवर १३ लाख लागतात. म्हणजे १ लाख तो खरोखरच कमी भरतो आहे. उत्तरात हा लाख सरळ मान्य करावा आणि भरून टाकावा, बाकी ५ लाखांवर भांडावे. जे उघड देणे लागते तेही नाकारणाऱ्या उत्तराकडे अधिकारी गांभीर्याने बघत नाहीत, आणि त्यांचे चुकत नाही.

दुसरी गोष्ट मुदतीची. मालकाने दिलेल्या माहितीवरून खर्च कमी दाखवला आहे किंवा उपकर चुकीचा काढला आहे असे वाटले, तर अधिकाऱ्याने नियम ७ खाली नोटीस द्यायची असते. ती मिळाल्यापासून १५ दिवसांत मालकाने कागदपत्रांसह उत्तर द्यायचे. सात दिवस कुठल्याच नियमात बसत नाहीत. दिवस मोजायचे ते नोटिशीवरच्या तारखेपासून नव्हे, ती हातात पडल्यापासून. पाकिटावरचा टपालाचा शिक्का म्हणूनच जपून ठेवायचा, ईमेलने आली असेल तर तारीख-वेळेसह प्रिंट काढायची.

त्याच नियमात एक छोटीशी तरतूद आहे, ती बहुतेकांच्या नजरेतून सुटते. समक्ष म्हणणे मांडायची संधी मालकाने ‘विनंती केल्यास’ देता येते. आपणहून कुणी बोलावणार नाही. म्हणून उत्तराच्या पहिल्याच परिच्छेदात लिहायचे : ‘या प्रकरणी समक्ष सुनावणी मिळावी, ही विनंती.’ एवढी एक ओळ नसेल तर पुढे अपिलात ‘आमचे ऐकलेच नाही’ म्हणायला तोंड उरत नाही. उत्तर नुसते देऊनही भागत नाही. दुसऱ्या प्रतीवर आवक-बारनिशीचा शिक्का, तारीख आणि क्रमांक घ्यायचा. साहेबांच्या टेबलावर ठेवलेल्या कागदाला पुरावा म्हणत नाहीत.

व्याज आणि दंड यांची घाई

सगळ्यात मोठी गफलत इथे होते, म्हणून जरा सविस्तर.

१९९६ च्या उपकर कायद्याचे कलम ८ व्याजाचे आहे. दर महिन्याला, किंवा महिन्याच्या भागालाही, २ टक्के. वर्षाला २४. पण ते कधी लागते? आकारणी आदेशात ठरवून दिलेल्या मुदतीत पैसे भरले नाहीत तर. कलम ९ दंडाचे. तिथेही शब्दरचना तीच : आकारणी आदेशातल्या तारखेपर्यंत उपकर भरला नाही तर तो थकीत समजायचा, मग चौकशी करायची, मालकाला म्हणणे मांडायची वाजवी संधी द्यायची, आणि त्यानंतर उपकराच्या रकमेपेक्षा जास्त नाही इतका दंड लावायचा. उशिराला पुरेसे, प्रामाणिक कारण होते असे अधिकाऱ्याला पटले तर दंड नाहीच.

म्हणजे क्रम असा पडतो. नोटीस, उत्तर, मागितल्यास सुनावणी, कारणांसह आकारणी आदेश, त्यात भरण्याची तारीख. ती तारीख उलटून गेली तर थकबाकी. मग दंडाची वेगळी नोटीस, वेगळी सुनावणी, वेगळा आदेश. आपल्या नोटिशीत आकारणी आदेशच झालेला नाही, तरी २० महिन्यांचे व्याज आणि पूर्ण ६ लाखांचा दंड मांडला आहे. दंड ‘उपकराच्या रकमेइतका’ ही कमाल मर्यादा आहे, दर नव्हे. ती गाठायची तर कारण लिहावे लागते.

आदेशात काय असावे तेही नियमात आहे : एकूण देय उपकर, आधी भरलेला किंवा बिलातून कापलेला, शिल्लक, आणि भरण्याची तारीख. आदेश काढल्यापासून पाच दिवसांत तो रवाना करायचा, प्रत मालकाला, मंडळाला आणि उपकर वसुली अधिकाऱ्याला. ‘खुलासा समाधानकारक नाही’ हे तीन शब्द म्हणजे कारण नव्हे. टीडीआर का धरला, व्याज का वगळले नाही, याचे उत्तर आदेशातच हवे. मोहिंदरसिंग गिल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७७ सालीच सांगून ठेवले आहे की आदेशात नसलेली कारणे नंतर कोर्टात प्रतिज्ञापत्र करून जोडता येत नाहीत.

एवढा कीस का काढायचा, असे मंडळाच्या बाजूने कुणी विचारेल. उत्तर व्यवहाराचे आहे. पायरी गाळून काढलेला आदेश रद्द होतो, प्रकरण फेरआकारणीसाठी परत येते, तोवर प्रकल्पाची कंपनी गुंडाळलेली असते. जे १ लाख पंधरवड्यात मिळणार होते तेही जातात, आणि ते कामगारांचेच असतात.

प्रपत्र एक : घड्याळ चालू करणारा कागद

काम सुरू झाल्यापासून किंवा उपकर भरल्यापासून ३० दिवसांत मालकाने प्रपत्र १ मध्ये माहिती द्यायची असते. आस्थापनेचे नाव, नोंदणी क्रमांक, कामाचे स्वरूप, कामगारांची संख्या, सुरुवातीची तारीख, अपेक्षित कालावधी, अंदाजित खर्च, भरलेला उपकर. पुढे काही बदल झाला, दोन मजले वाढले किंवा आराखडा सुधारला, तर तेही ३० दिवसांच्या आत कळवायचे.

ठाण्यातले अनेक छोटे विकासक हे प्रपत्र भरतच नाहीत. पालिकेत पैसे भरले की विषय संपला अशी समजूत असते. तोटा त्यांचाच आहे. प्रपत्र १ मिळाल्यापासून सहा महिन्यांत आकारणी आदेश काढण्याचे बंधन अधिकाऱ्यावर येते. प्रपत्रच दिले नाही तर ते सहा महिने मोजायला सुरुवातच होत नाही. शिवाय प्रपत्र नसेल किंवा नोटिशीला उत्तर दिले नसेल तर अधिकाऱ्याला ‘उपलब्ध नोंदींवरून’ आकारणी करायची मोकळीक मिळते. आणि सहज उपलब्ध नोंद कोणती, तर तीच महारेराची १८ कोटींची.

आगाऊ रकमेचेही असेच. नियम ४ प्रमाणे बांधकाम परवानगीच्या अर्जासोबतच अंदाजित खर्चावरचा उपकर भरायचा असतो. काम वर्षापेक्षा जास्त चालणार असेल तर पहिल्या वर्षाच्या खर्चापुरता भरला तरी नियमाला चालतो, पुढचा प्रत्येक वर्ष संपल्यावर ३० दिवसांत. हे आगाऊ पैसे अंतिम आकारणीत वळते व्हायचे असतात. घोळ असा होतो की पैसे स्वीकारते महापालिका किंवा सिडको, आकारणी करते कामगार खाते, आणि पैसे जमा होतात मंडळाच्या खात्यात. गोळा करणाऱ्या संस्थेने आपला वसुली खर्च, जास्तीत जास्त १ टक्का, ठेवून बाकी रक्कम ३० दिवसांत मंडळाला द्यायची. पण ती अनेक प्रकल्पांची मिळून एकत्र जाते, आणि तुमच्या बारा लाखांवर तुमच्या फाइलचा क्रमांक राहतोच असे नाही. म्हणून चलनाच्या प्रतीवर प्रस्ताव क्रमांक, भूखंड किंवा सर्व्हे क्रमांक आणि विकासकाचे नाव आहे ना हे भरतानाच बघावे. सीसी (बांधकाम सुरू करायचा दाखला), सुधारित सीसी आणि ओसी (भोगवटा दाखला) यांच्या वेळी वेगवेगळी चलने झाली असतील तर तारखांसह एका तक्त्यात मांडून उत्तरासोबत लावावीत.

सरकारी कामांत हीच अडचण ठेकेदाराला येते. नवी मुंबई महापालिकेचा रस्ता असो की सिडकोचे काम, १ टक्का रनिंग बिलातूनच, म्हणजे काम चालू असताना टप्प्याटप्प्याने निघणाऱ्या बिलातूनच, कापला जातो. मग उपठेकेदाराला साइटवर वेगळी नोटीस येते आणि त्याच कामावर दुसऱ्यांदा सेस मागितला जातो. उपाय एकच : लेखा विभागाकडून बिल क्रमांक, कपातीची रक्कम आणि मंडळाकडे भरल्याची तारीख असलेले प्रमाणपत्र. काम संपल्यावर मागायला गेलात तर चपला झिजतील. प्रत्येक बिलासोबत मागावे.

नवी मुंबईचे दोन खास प्रश्न

महापे, रबाळे, ऐरोली या पट्ट्यात कारखान्यांच्या जागी डेटा सेंटर उभी राहत आहेत. तिथे दोन प्रश्न हटकून येतात. ‘आमची जागा कारखाना आहे, कारखान्यांना हा कायदा लागू नाही’ हा पहिला. लॅन्को अनपरा खटल्यात २०१६ मध्ये याचा निकाल लागला : कारखान्याची इमारत बांधली जात असेपर्यंत, उत्पादन सुरू झालेले नसताना, ते बांधकामच आहे आणि उपकर लागतो.

दुसरा प्रश्न यंत्रांचा. ट्रान्सफॉर्मर, जनरेटर, कूलिंगची यंत्रे यांची किंमत इमारतीइतकी किंवा जास्त असते. ती बांधकाम खर्चात धरायची का? सीजी पॉवर खटल्यात २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर असेच काम होते, ज्यात पुरवठा आणि सिव्हिल कामाचे करार वेगवेगळे होते. निव्वळ पुरवठ्याच्या करारावर उपकर लागत नाही असे न्यायालय म्हणाले. आणि जोडीला आपल्या विषयाच्या दृष्टीने त्याहून मोलाची गोष्ट : काम देणाऱ्या सरकारी कंपनीने लेखापरीक्षणातल्या आक्षेपावर बोट ठेवून, आकारणी न होताच, ठेकेदाराकडून रक्कम वसूल करणे चूक आहे. लेखापरीक्षकाचा शेरा हा आकारणी आदेश होऊ शकत नाही. अर्थात करार एकत्रच असेल, पुरवठा-उभारणी-पाया सगळे एका आकड्यात, तर या निकालाचा आधार सहज मिळत नाही. फोड करारातच करून ठेवावी, नोटीस आल्यावर केलेली फोड पटवणे अवघड जाते.

हद्दीचा घोळही लक्षात ठेवावा. ऐरोली ते बेलापूर हा भाग ठाणे जिल्ह्यात, तर खारघर, कळंबोली, तळोजा रायगडात. नोटिशीवर सही करणाऱ्याला त्या हद्दीसाठी आकारणी अधिकारी म्हणून नेमले आहे का, हे विचारायचा हक्क मालकाला आहे. उत्तरात एका ओळीत अधिसूचनेची प्रत मागावी, त्यात आगाऊपणा काही नाही.

आदेश पटला नाही तर

अपिलाची मुदत आदेश मिळाल्यापासून तीन महिने. सोबत लागते : आदेशाची प्रत, उपकर किंवा दंडाची रक्कम जमा केल्याचे वसुली अधिकाऱ्याचे प्रमाणपत्र, वादातल्या रकमेच्या १ टक्का फी, वादाचे मुद्दे आणि पुरावे. म्हणजे ६ लाख उपकर आणि ६ लाख दंड वादात असेल तर फी १२ हजार, पण १२ लाख आधी जमा. ही अट जड आहे आणि तिच्यामुळेच पहिल्या १५ दिवसांतले उत्तर इतके महत्त्वाचे ठरते. अपिलात सुनावणी द्यावीच लागते. म्हणणे ऐकूनच घेतले नसेल तर अपिलाचा मार्ग खुला असूनही उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, हे व्हर्लपूल खटल्यापासून, १९९८ पासून, ठरलेले आहे. पण १५ दिवस स्वतः गप्प बसलेल्याला तिथे फारशी सहानुभूती मिळत नाही.

काम मध्येच थांबले किंवा आराखडा लहान झाला तर अपील नको, पुनर्निर्धारणाचा अर्ज प्रपत्र २ मध्ये करायचा. जास्त भरलेली रक्कम अधिकाऱ्याचा आदेश पोचल्यापासून ३० दिवसांत मंडळाने परत करायची असते. रखडलेल्या प्रकल्पांची संख्या पाहता हे प्रपत्र आत्ता वापरले जाते त्याहून खूप जास्त वापरले जायला हवे.

आदेश होऊन मुदत टळली आणि पैसे भरलेच नाहीत, तर तहसीलदारामार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. त्या टप्प्यावर तहसीलदार आकडा तपासत बसत नाही.

२१ नोव्हेंबर २०२५ नंतर

या तारखेपासून सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० लागू झाली आणि उपकराचा जुना कायदा तिच्यात विलीन झाला. जुने नियम संहितेशी विसंगत नसतील तेवढ्यापुरते एक वर्षापर्यंत चालू राहतात. उपकर, दंडापूर्वी सुनावणी, तीन महिन्यांत अपील हे सांगाडे तसेच आहेत, पण क्रम एका महत्त्वाच्या जागी बदलला. आता काम पूर्ण झाल्यापासून ६० दिवसांत मालकाने स्वतःच आकारणी करायची, आगाऊ भरलेले वजा करून बाकी भरायची आणि विवरणपत्र द्यायचे. त्यात तफावत दिसली तरच अधिकारी चौकशी करून आदेश काढणार. व्याजही आता आकारणी आदेशाची वाट पाहत नाही, विहित मुदत टळली की सुरू होते. म्हणजे वर सांगितलेला व्याजाचा बचाव जुन्या प्रकरणांपुरताच. स्वतःच्या राहत्या घराची सूटही बदलली : पूर्वी १० लाखांपर्यंतचे बांधकाम मोकळे होते, आता ५० लाखांपर्यंत. घणसोली-कोपरखैरणेच्या गावठाणात स्वतःचे घर बांधणाऱ्याने हा आकडा लिहून ठेवावा.

काम २०२३ ला सुरू झाले आणि ओसी २०२६ ला मिळाली, असे प्रकल्प ठाण्यात ढिगाने असतील. तिथे उत्तर लिहिताना प्रत्येक मागणीसमोर दोन रकाने करावेत : रक्कम कोणत्या तारखेला देय झाली, आणि त्या तारखेला कोणते कलम लागू होते. नोटिशीत कलमच लिहिलेले नसेल तर पहिला आक्षेप तोच घ्यायचा.